पन्नास नोंदी आणि पाच ओळी: दिनविशेष निवडायचा कसा?

या महिन्यात दिनविशेषावरचे प्रश्न इतके आले की बाकीचे सगळे पुढच्या अंकावर ढकलतोय. मी स्वतः बरीच वर्षं हे काम करत आलोय, त्यामुळे उत्तरं लांबली तर सांभाळून घ्या, विषय माझ्या अगदी जवळचा आहे.

प्रश्न: मी एका वाचनालयात काम करते. रोज सकाळी फळ्यावर दिनविशेष लिहायचं काम माझ्याकडे आहे. फळ्यावर जेमतेम पाच ओळी मावतात आणि कुठलीही तारीख शोधली तरी चाळीस-पन्नास घटना निघतात. कुठल्या ठेवायच्या आणि कुठल्या गाळायच्या याला काही नियम असतो, की ज्याला जे आवडेल ते?

उत्तर: आवडीचा भाग राहतोच, पण ती सगळ्यात शेवटी आणायची. आधी प्रत्येक नोंदीला एकच गोष्ट विचारायची, त्या दिवशी नेमकं काय झालं? म्हणजे त्या एका दिवसात काहीतरी सुरू झालं, संपलं किंवा फिरलं असं सांगता येतंय का. औद्योगिक क्रांतीला तारीख नसते, शेतीच्या शोधालाही नसते, आणि कुणी तिथे ओढूनताणून तारीख चिकटवलेली दिसली की मी ती नोंद सरळ सोडून देतो. आता १२ एप्रिल १९६१ घ्या. मॉस्कोच्या घड्याळात सकाळचे नऊ वाजले तेव्हा माणूस अवकाशात कधीच गेलेला नव्हता आणि अकरा वाजले तेव्हा जाऊन परत आलेला होता, युरी गागारिनचं व्होस्तोक-१ मधलं उड्डाण १०८ मिनिटांचं होतं. अशी नोंद तारखेला घट्ट चिकटलेली असते, ती उचलून दुसऱ्या दिवशी ठेवताच येत नाही.

हाच १२ एप्रिल पुढे नेऊ कारण बहुतेकांची गडबड इथेच होते. सहज शोधलं तर या तारखेला काय काय सापडतं बघा. १८६१ साली फोर्ट समटरवर तोफा डागल्या गेल्या आणि अमेरिकेचं यादवी युद्ध सुरू झालं. १९४५ साली राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट गेले. १९५५ साली साल्कची पोलिओ लस सुरक्षित आणि परिणामकारक असल्याचं मिशिगन विद्यापीठात जाहीर झालं. १९६१ ला गागारिन. १९८१ ला कोलंबिया हे स्पेस शटल पहिल्यांदा उडालं. झाल्या पाच ओळी, फळा भरला! आणि प्रत्येक ओळ एकेकटी बघितली तर खणखणीतच आहे, चूक कशातच नाही. पण जरा मागे सरकून सगळा फळा एकदम बघा. पाचातल्या चार ओळी एकाच देशाच्या, सगळ्या गेल्या पावणेदोनशे वर्षांतल्या, त्याआधी जगात जणू १२ एप्रिल उजाडलाच नव्हता.

म्हणून निवड ओळीओळीने करायची नाही, फळ्याची करायची. मी त्या दिवशी असं करीन: १२०४ ला चौथ्या क्रुसेडचं, म्हणजे ख्रिस्ती धर्मयुद्धाचं, सैन्य कॉन्स्टँटिनोपलच्या (आजचं इस्तंबूल) तटबंदीतून आत घुसलं, ते घेईन, त्या लुटीतून तिथलं पूर्व रोमन साम्राज्य पुन्हा कधी पूर्वीसारखं सावरलं नाही. १९२७ ला शांघायमध्ये राष्ट्रवादी नेता च्यांग कै-शेकने कम्युनिस्टांचं शिरकाण सुरू केलं, चीनचं पुढचं शतक समजून घ्यायचं तर हा दिवस टाळताच येत नाही. १९५५ ची लस घेईनच, आणि तिच्याच ओळीत लिहीन की त्या दिवशी रूझवेल्टना जाऊन बरोबर दहा वर्षं झाली होती आणि त्यांचे स्वतःचे पाय पोलिओने लुळे पडले होते. दोन नोंदी एका ओळीत बसल्या आणि दोघींचा अर्थ वाढला. मग गागारिन. आणि पाचवी १९८०, लायबेरियात सॅम्युअल डो याने सत्ता उलथवली आणि राष्ट्राध्यक्ष टॉलबर्ट मारले गेले, कारण आफ्रिका आपल्या फळ्यावर वर्ष-वर्ष फिरकत नाही आणि ते मला बरं वाटत नाही.

फोर्ट समटर राहिलं, कोलंबिया राहिलं. राहू दे की, पुढच्या वर्षी १२ एप्रिल परत येणारच आहे. एक वही ठेवा, त्यात कुठल्या वर्षी काय लिहिलं ते नोंदवा आणि राहिलेल्यांना पुढच्या वर्षी आधी जागा द्या. गागारिनसारखी एखादी नोंद दरवर्षी राहिली तरी हरकत नाही पण पाचही ओळी दरवर्षी त्याच असतील तर लोक तिसऱ्या वर्षी फळ्याकडे बघणं सोडतात.

अजून एक सांगायचं राहिलं, युद्धं. युद्धांना तारखा असतात, सह्या असतात, फोटो असतात, त्यामुळे ती आपोआप वर येतात, आणि शास्त्र, आरोग्य, कायदे हे हळू चालणारे विषय खाली दबतात. ८ मे बघा. १९४५ ला युरोपातलं दुसरं महायुद्ध संपलं, ही ओळ सगळे लिहितात आणि लिहायलाच हवी. पण १९८० च्या ८ मे लाच जागतिक आरोग्य सभेने देवी हा रोग पृथ्वीवरून गेल्याचं जाहीर केलं, माणसाने स्वतः प्रयत्न करून नाहीसा केलेला माणसांचा हा आजवरचा एकमेव रोग, आणि विसाव्या शतकात त्याने घेतलेले बळी साधारण ३० कोटी धरले जातात. ही ओळ मी किती फळ्यांवर पाहिली असेल? फार कमी! आणि त्याच तारखेला १८२८ साली रेडक्रॉसची कल्पना मांडणारा आंरी द्युनां जन्मला. युद्ध संपलं, रोग संपला, आणि जखमींची काळजी घ्यायला शिकवणारा जन्मला, या तीन ओळी शेजारी-शेजारी लिहून बघा, मग फळ्यासमोर लोक थांबतात की नाही ते मला कळवा.

प्रश्न: तुमच्याच मासिकात वाचलं होतं की गॅलिलिओ गेला त्याच वर्षी न्यूटन जन्मला. दुसरीकडे न्यूटनचं जन्मवर्ष १६४३ दिलंय. खरं काय? आणि अशा वेळी दिनविशेषात कुठली तारीख लिहायची?

उत्तर: ते वाक्य माझंच होतं आणि ते चुकलं होतं. वाक्य इतकं सुंदर आहे ना, की एक तारा मावळला आणि दुसरा उगवला, की तपासायचं सुचतच नाही. गॅलिलिओ ८ जानेवारी १६४२ ला गेला, ही इटलीतली तारीख, म्हणजे नव्या ग्रेगोरियन कॅलेंडरची. न्यूटन २५ डिसेंबर १६४२ ला जन्मला, ही इंग्लंडमधली, म्हणजे जुन्या ज्युलियन कॅलेंडरची. इंग्लंड तेव्हा दहा दिवस मागे होतं, त्यामुळे इटलीत त्या दिवशी ४ जानेवारी १६४३ होती. एका कॅलेंडरने दोघांना मोजलं तर वर्ष एक राहत नाही.

थोडं मागचं सांगतो म्हणजे पुढे कधी अडायला नको. ज्युलियन कॅलेंडरमधलं वर्ष खऱ्या सौर वर्षापेक्षा साधारण अकरा मिनिटांनी मोठं होतं. अकरा मिनिटं म्हणजे काहीच नाही असं वाटतं पण शतकानुशतकं साचत जाऊन वसंतसंपात, म्हणजे मार्चमधला दिवस-रात्र सारखे असण्याचा क्षण, दहा दिवस सरकला, आणि ईस्टरची तारीख त्यावरच ठरत असल्याने पोप तेरावे ग्रेगरी यांनी १५८२ मध्ये सुधारणा केली. इटली, स्पेन, पोर्तुगाल इथे ४ ऑक्टोबरनंतर थेट १५ ऑक्टोबर उजाडली. पण सगळ्यांनी लगेच ऐकलं नाही. ब्रिटनने १७५२ मध्ये बदल केला, २ सप्टेंबरनंतर १४ सप्टेंबर. रशियाने १९१८ मध्ये, ३१ जानेवारीनंतर १४ फेब्रुवारी. ग्रीस तर १९२३ पर्यंत थांबला. म्हणून रशियाची ऑक्टोबर क्रांती आपण ७ नोव्हेंबरला लिहितो, तिथल्या तेव्हाच्या कॅलेंडरवर २५ ऑक्टोबर होती.

आणि २३ एप्रिल! शेक्सपियर आणि सर्वांतेस एकाच दिवशी गेले हे वाक्य दरवर्षी फिरतं. दोघांच्या नावापुढे २३ एप्रिल १६१६ लिहिलेलं असतं खरं, पण शेक्सपियरची तारीख जुन्या कॅलेंडरची आहे, नव्याप्रमाणे ती ३ मे होते, आणि सर्वांतेसचा मृत्यू २२ ला झालेला, २३ हा दफनाचा दिवस मानतात. तरी युनेस्कोचा पुस्तक दिन २३ एप्रिललाच आहे आणि तो तिथे राहावा, प्रतीक म्हणून छानच आहे. फक्त 'एकाच दिवशी गेले' हे आपण लिहायचं नाही.

तर मग लिहायची कुठली? मी असं करतो: १५८२ च्या आधीचं सगळं ज्युलियन तारखेनेच, ती बदलत बसायची नाही. नंतरचं असेल तर जी तारीख आज जगभर रूढ आहे ती घ्यायची आणि जुन्या कॅलेंडरची असेल तर तसं दोन शब्दांत ओळीतच लिहायचं. काय ठरवाल ते वर्षभर एकसारखं ठेवा. एका ओळीत जुनं, एकात नवं असं झालं की माझ्यासारखी चूक होते.

तारीख फिरण्याची दुसरी जागा म्हणजे घड्याळ. अपोलो ११ चंद्रावर उतरलं २० जुलै १९६९ ला, आंतरराष्ट्रीय वेळेने रात्री ८ वाजून १७ मिनिटांनी. आर्मस्ट्राँगने पाऊल ठेवलं तेव्हा त्याच घड्याळात २१ जुलैची पहाट झाली होती, २ वाजून ५६ मिनिटं, पण अमेरिकेत अजून २० चीच रात्र होती. पर्ल हार्बरवर हल्ला झाला तेव्हा हवाईत ७ डिसेंबर १९४१ होती, जपानमध्ये ८ लागली होती. युरोपातली शरणागती पश्चिमेकडे ८ मे ची आणि रशियात ९ मे ची, कारण ती अंमलात आली तोवर मॉस्कोत मध्यरात्र उलटून गेली होती. जिथे घडलं तिथलं घड्याळ धरायचं, एवढं पाळलं तर नव्वद टक्के भानगडी मिटतात. चंद्रावर तिथलं असं घड्याळ नाही, तेव्हा तिथे 'अपोलो ११ उतरलं, २० जुलै' असं लिहा, पावलाचं लिहायचं तर वेळ कुठली ते सांगा.

प्रश्न: रोज कुठला ना कुठला 'जागतिक दिन' असतो. आमच्या ऑफिसच्या ग्रुपवर सकाळी तीन-चार तरी येतात. यातले खरे कुठले आणि आम्ही आमच्या पत्रकात कुठले घ्यावेत?

उत्तर: खरा-खोटा असं म्हणण्यापेक्षा दोन प्रश्न विचारा. कुणी ठरवला? आणि हाच दिवस का?

पहिल्याचं उत्तर बरेचदा सोपं असतं. संयुक्त राष्ट्रांची आमसभा ठराव करते, कधी युनेस्को किंवा जागतिक आरोग्य संघटनेसारख्या संस्था करतात, त्या ठरावाला वर्ष असतं आणि ते सापडतं. कुणी ठरवला हेच सापडत नसेल, नुसतंच सगळीकडे फिरतंय, तर मी घेत नाही. बरेच दिन वस्तू विकणाऱ्यांनीच काढलेले असतात, ते घेतले की आपलं पत्रक आणि जाहिरात यात फरक उरत नाही.

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर मला जास्त महत्त्वाचं वाटतं. २४ मार्च हा क्षयरोग दिन आहे, कारण १८८२ साली याच तारखेला रॉबर्ट कॉखने क्षयाचा जंतू सापडल्याचं बर्लिनमध्ये सांगितलं. २१ मार्च हा वांशिक भेदभाव निर्मूलनाचा दिवस आहे, कारण १९६० साली दक्षिण आफ्रिकेत शार्पव्हिल इथे कृष्णवर्णीयांना सतत पास बाळगायला लावणाऱ्या कायद्यांविरुद्ध जमलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळ्या झाडल्या आणि ६९ माणसं गेली. २५ नोव्हेंबर हा स्त्रियांवरील हिंसाचाराविरुद्धचा दिवस, कारण १९६० मध्ये त्या दिवशी डॉमिनिकन प्रजासत्ताकात हुकूमशहा त्रुहियोच्या माणसांनी मिराबाल भगिनींपैकी तिघींना ठार केलं. १० डिसेंबर मानवी हक्क दिन, १९४८ ला पॅरिसमध्ये जाहीरनामा मंजूर झाला म्हणून. बघा, इथे दिन आणि इतिहास वेगळे नाहीतच. मग पत्रकात 'आज क्षयरोग दिन, शुभेच्छा' असं लिहायचं कशाला, कॉखची ओळ लिहा, दिन तिच्यातच येतो, जागाही वाचते. शिवाय क्षयरोग दिनाच्या शुभेच्छा ही कल्पनाच मला सहन होत नाही, तुम्हालाही होत नसेल.

८ मार्चचंही हेच. १९१७ ला रशियात पेट्रोग्राडमध्ये (आजचं सेंट पीटर्सबर्ग) कापडगिरण्यांतल्या बायका भाकरीसाठी रस्त्यावर आल्या आणि त्यातून झारची सत्ता आठवड्याभरात गेली. तिथल्या कॅलेंडरवर तेव्हा २३ फेब्रुवारी होती. ही ओळ लिहिली की महिला दिन फुलं आणि सवलतींच्या पलीकडे जातो.

प्रश्न: एकाच तारखेला आनंदाची आणि भयंकर अशा दोन्ही घटना येतात. दोन्ही एकाखाली एक लिहायला कसंतरी वाटतं. काय करावं?

उत्तर: कसंतरी वाटतं हे चांगलं आहे, ज्याला वाटत नाही त्याने हे काम करू नये.

याचं सगळ्यात अवघड उदाहरण म्हणजे ९ नोव्हेंबर. १९८९ ला बर्लिनची भिंत खुली झाली, लोक रडत-हसत एकमेकांच्या गळ्यात पडले. आणि १९३८ च्या ९ नोव्हेंबरला रात्री जर्मनीभर ज्यूंची प्रार्थनास्थळं पेटवली गेली, दुकानं फोडली गेली, आणि त्या रात्री व पुढच्या दिवसांत ३० हजारांच्या आसपास ज्यू पुरुषांना पकडून छळछावण्यांत नेलं गेलं. १९१८ ला याच दिवशी कैसरच्या, म्हणजे जर्मन सम्राटाच्या, पदत्यागाची घोषणा झाली आणि प्रजासत्ताक जाहीर झालं, १९२३ ला याच दिवशी म्युनिकमध्ये हिटलरचं बंड फसलं. जर्मनी एक झाल्यावर राष्ट्रीय दिवस कुठला याची चर्चा झाली तेव्हा भिंतीचा दिवस डोळ्यांसमोर होता, पण १९३८ च्या रात्रीवर आनंदाचा उत्सव ठेवायला नको म्हणून तो टाळला गेला आणि ३ ऑक्टोबर, म्हणजे १९९० मध्ये एकीकरण कायद्याने पूर्ण झालं तो दिवस घेतला गेला. एका अख्ख्या देशाने ही निवड केली, मला तिच्याबद्दल फार आदर वाटतो.

पण सुट्टी निवडणं वेगळं आणि दिनविशेष लिहिणं वेगळं. उत्सव एकाच गोष्टीचा होतो, फळ्यावर दोन्ही राहू शकतात. फक्त क्रम बघा, सालवार लिहा, म्हणजे आपण कुणाला वर-खाली केलं असं होत नाही. भाषा सपाट ठेवा, उद्गारचिन्हं नकोत, सजावट नको, फुगे आणि फुलांची चित्रं तर अजिबात नकोत. आणि मृतांचा आकडा लिहिणार असाल तर तो पक्का असू दे, नसेल तर आकड्याशिवाय लिहा. ११ सप्टेंबरलाही असंच होतं, २००१ चे हल्ले, १९७३ ला चिलीतलं लष्करी बंड आणि राष्ट्राध्यक्ष अय्येंदेंचा मृत्यू, आणि १८९३ ला शिकागोच्या सर्वधर्म परिषदेत विवेकानंदांचं पहिलं भाषण. तिन्ही ठेवा. ज्याचं माणूस २००१ ला गेलं आणि ज्याचं १९७३ ला, दोघंही तुमच्या फळ्यासमोर उभे राहू शकतात असं धरून लिहा, मग शब्द आपोआप जपून येतात.

प्रश्न: दिनविशेषात नुसत्या जयंत्या-मयंत्या असतात, वाचून कंटाळा येतो. घटना जास्त का देत नाही?

उत्तर: तक्रार बरोबर आहे. जन्म-मृत्यू सहज मिळतात म्हणून भरले जातात. मी पाचात जास्तीत जास्त दोन घेतो, आणि तेही त्या माणसाने काय केलं हे त्याच ओळीत सांगता येत असेल तरच. 'थोर शास्त्रज्ञ' लिहून काही कळत नाही. कधी जोडी जमून येते, १२ फेब्रुवारी १८०९ ला डार्विन आणि लिंकन दोघंही जन्मले, तेव्हा मात्र मला मोह आवरत नाही.

जुन्या लोकांच्या जन्मतारखेला जरा जपून. बेथोव्हेनचा बाप्तिस्मा १७ डिसेंबर १७७० ला झाल्याची नोंद आहे, जन्माची नाही. शेक्सपियरचीही २६ एप्रिल १५६४ ही बाप्तिस्म्याची, २३ ही परंपरेने धरलेली. 'बाप्तिस्मा' असंच लिहा, ओळ तेवढीच राहते आणि खरी होते. आणि इसवीसनापूर्वीच्या घटनेची शताब्दी काढताना लक्षात ठेवा, शून्य साल नाहीये. सीझरची हत्या १५ मार्च इसवीसनपूर्व ४४ ला झाली, तिला २००० वर्षं १९५७ मध्ये झाली, १९५६ मध्ये नाही.

प्रश्न: गेल्या वर्षीची सणांची लिस्ट तशीच यंदा चालेल का?

उत्तर: नाही चालणार! हिजरी वर्ष ३५४ किंवा ३५५ दिवसांचं, त्यामुळे ईद दरवर्षी दहा-अकरा दिवस अलीकडे येते, आणि चंद्रदर्शनावर असल्याने देशादेशांत एखाद्या दिवसाचा फरकही पडतो, म्हणून आधी छापणार असाल तर 'अपेक्षित' लिहा. ईस्टर २२ मार्च ते २५ एप्रिल यात कुठेही येऊ शकतो. दिवाळी, चिनी नववर्ष, सगळं सरकतं. नवरोज २० किंवा २१ मार्च. ठरलेल्या तारखांचे आणि सरकणारे असे दोन वेगळे कागद करा, दुसरा कागद दर डिसेंबरात फाडून नवीन करायचा.

प्रश्न: २९ फेब्रुवारीच्या घटना बाकीच्या तीन वर्षी कुठे लिहायच्या?

उत्तर: कुठेच नाही. २८ ला लिहिलं तरी चूक, १ मार्चला लिहिलं तरी चूक. मोरारजी देसाई २९ फेब्रुवारी १८९६ ला जन्मले आणि १९०० हे लीप वर्ष नव्हतं, त्यामुळे ती तारीख त्यांच्या आयुष्यात पहिल्यांदा परत आली ती थेट १९०४ मध्ये, ते आठ वर्षांचे झाले तेव्हा. ही ओळ लिहायला चार वर्षं थांबलात तरी चालेल, तोवर वहीत नोंद करून ठेवा.